पिशवीतली माती

लग्नाला बेचाळीस वर्षं होत आली, पण बुधाजीला स्वतःच्या हातानं चहा करताना पारूबाईनं कधी पाहिलं नव्हतं. त्या एप्रिलच्या सकाळी पाहिलं. तोही आलं किसून घातलेला, दाट दुधाचा, आणि पारूबाईसाठी नव्हे. ओटीवर प्लास्टिकच्या खुर्चीत गावाला नव्यानं मिळालेली कृषी सहायक बसली होती, तिच्यासाठी.

पोरगी पंचविशीची. नाव दीक्षा. घर रोह्याकडचं, भिसेगावात खोली घेऊन राहायची आणि स्कूटीवरून गावोगाव फिरायची. अंगणात गाडी लावून, हेल्मेट काढून तिनं "जय भीम, काका" म्हटलं आणि बुधाजी तिथंच विरघळला. आपल्या समाजाची पोरगी, शेतकीची पदवी घेतलेली, सरकारी नोकरीत! त्यानं खुर्ची उपरण्यानं दोनदा पुसली.

पारूबाई उंबऱ्यात वाल निवडत बसली होती. तिचा एक कान सुपात होता नि एक ओटीवर.

"काका, राब भाजता का तुम्ही अजून?" दीक्षानं विचारलं.

"भाजतो की. रोपं टाकायच्या जागेवर शेणाचा थर, वर टहाळ, पाला, नि काडी लावायची. आमच्या बापापासून चालत आलंय."

"यंदा नका भाजू. शेण जाळलं की त्यातलं नत्र धुरावाटे उडून जातं. तेच शेण खड्ड्यात कुजवून शेतात घाला. आणि खत टाकल्यावर बांधाचं तोंड निदान आठ दिवस बंद ठेवा. नाहीतर वरच्या खाचराचं खत खालच्यात आणि खालच्याचं ओढ्यात. कापणी करताना बुडखा जरा उंच ठेवा, मुळं मातीतच कुजू द्या."

बुधाजीनं कारखान्याची जुनी डायरी काढली, चष्मा लावला आणि एकेक वाक्य लिहून घेतलं. मधेच मान वर करून म्हणाला, "मॅडम, आठ दिवस म्हणालात ना?"

पारूबाईच्या हातातला वालाचा दाणा हातातच राहिला. ह्यातलं एक तरी वाक्य असं होतं का, जे तिनं ह्या माणसाला सांगितलं नव्हतं?

बुधाजीनं एकतीस वर्षं खोपोलीच्या एका कारखान्यात फिटरची नोकरी केली. पाळ्या बदलत्या. घरी यायचा तो झोपायला. पळसदरीच्या धरणाखाली उतारावर त्यांची तीन खाचरं, एकाखाली एक. ती ह्या सगळ्या वर्षांत पारूबाईनं राखली. कुणी शिकवलं नाही, बघून बघून शिकली. धाकटी पोर पोटात होती त्या साली टहाळ तोडायला डोंगरात जाणं जमलं नाही, म्हणून राब भाजलाच नाही. शेण खड्ड्यातच पडून राहिलं, कुजलं, तेच तिनं रोपांना घातलं. रोपं अशी उठली की शेजारणी बघायला आल्या. मग तिनं राब कायमचा सोडला. एकदा युरिया टाकला त्याच संध्याकाळी धो धो पाऊस झाला. महिनाभरानं तिनं पाहिलं, तर भात होतं तसंच फिकं, पण खाली ओढ्याच्या काठचं गवत काळंभोर नि कमरेएवढं. त्या गवतापुढं ती कितीतरी वेळ उभी राहिली होती. खत कुठं गेलं ते तिला कागदावाचून कळलं होतं. तेव्हापासून खत टाकलं की ती आधी चिखलाचा गोळा घेऊन बांधाचं तोंड बुजवायची.

सहा वर्षांपूर्वी बुधाजी निवृत्त झाला. हारतुरे घेऊन घरी आला नि दुसऱ्या दिवशी म्हणाला, "आता मी हाय ना. शेताचं मी बघतो." आणि बघायला लागला ते थेट बापाच्या पद्धतीनं. राब पेटला. पारूबाईनं सांगितलं, "अवं, शेण जाळू नका." तो म्हणाला, "तुला काय ठावं? आमचा बा काय येडा व्हता?" बांधाच्या तोंडाचं सांगितलं, तर म्हणाला, "पानी अडवलं तर बांध फुटंल." तिच्याकडं उरला सगळ्यात खालच्या खाचराचा एक कोपरा, दोन गुंठ्यांचा. तिथं ती तिच्या पद्धतीनं करायची, पावसात भात नि मागाहून वाल. बुधाजी त्याला 'बाईमानसाचा कोपरा' म्हणायचा.

आणि आता हा माणूस डायरीत लिहून घेत होता.

"काकू, तुम्हीपण या ना बाहेर, ऐका," दीक्षा म्हणाली.

"मला काय कळतंय त्यातलं," पारूबाई म्हणाली आणि सूप घेऊन आत गेली.

त्यानंतर दीक्षा आठवड्याला यायला लागली. ती आली की बुधाजीचा आवाज बदलायचा. राब बंद झाला, एका शब्दात. शेणाचा खड्डा खणला गेला, आणि आल्यागेल्याला तो दाखवायला बुधाजी हौसेनं न्यायचा. "मॅडमनी सांगितलं," म्हणायचा. शेजारची सुंदरा कुंपणावरून ओरडली, "पारूबाय, नशीबवान गं तुमी! एवढी शिकलेली पोर तुमच्या वटीवर येती." पारूबाई हसली. पण भाकरी थापताना तिचा हात असा पडला की भाकरीला भोक पडलं.

तिला त्या पोरीचं सगळंच खुपायला लागलं. स्कूटीचा आवाज खुपायचा. कानातली बारीक कुडी खुपायची. ती पोरगी नाव न अडखळता लिहायची, ते खुपायचं. पारूबाई चौथीपर्यंत शिकली होती. पाचवीची शाळा दूर होती नि घरी धाकटी भावंडं होती. कधी कधी तिला वाटायचं, हीच अक्कल आपल्याकडं होती, पण आपल्याकडं तिला स्कूटी नव्हती, सही नव्हती, शिक्का नव्हता. म्हणून ती अक्कल नव्हतीच म्हणायची? असा विचार आला की रागानं तिच्या छातीत कळ यायची. आणि राग तरी कुणावर? पोरगी गोड बोलायची, जाताना वाकून "येते काकू" म्हणायची. ते तर सगळ्यात जास्त खुपायचं.

मे महिन्यात दीक्षा मातीचा नमुना घ्यायला आली. बुधाजी कुदळ घेऊन पुढं, ती मागं. भाकरी द्यायच्या निमित्तानं पारूबाईही बांधावर जाऊन उभी राहिली. नागमोडी चालत दीक्षानं आठ ठिकाणी वीतभर खड्डे घ्यायला लावले, प्रत्येकातली माती घमेल्यात घेतली, कालवली, चार भाग केले, दोन टाकले, पुन्हा चार केले.

"काका, एक लक्षात ठेवा. उकिरड्याजवळची, झाडाखालची, बांधालगतची माती नमुन्यात कधी घ्यायची नाही. तेवढी जरी मिसळली तरी सगळा रिपोर्ट खोटा येतो."

"हिचा कोपरा?" बुधाजीनं विचारलं.

"तो लहान आहे, वेगळाच दिसतोय. सोडून देऊ."

सोडून देऊ. पारूबाईनं भाकरीचं फडकं बांधावर ठेवलं आणि वळून घराकडं चालू लागली.

माती दोन दिवस सावलीत वाळवायची होती. ओटीवर वर्तमानपत्रावर ती पसरली, शेजारी कापडी पिशवी नि आत टाकायची चिठ्ठी: बुधाजी रोकडे, गट क्रमांक, तारीख. दुसऱ्या दिवशी बुधाजी कर्जतला पेन्शनच्या कामाला गेला. भर दुपार होती, वाडी झोपलेली. पारूबाई ओटीवर त्या मातीपुढं बसून राहिली. मग उठली, सगळी माती पेपरासकट उचलून परसातल्या केळीखाली झटकली आणि गोठ्यामागं उकिरड्याच्या तळाशी जाऊन खुरप्यानं काळी, भुसभुशीत माती काढली. चाळणीनं चाळली. पेपरावर तशीच गोल पसरली.

तिचा हिशेब साधा होता. कागद वेडावाकडा येईल, कचेरीत पोरीला बोलणी बसतील, बुधाजीची डायरी मिटेल. बस. ह्यापलीकडं तिनं विचार केला नव्हता.

कागद आला जूनमध्ये. दीक्षा तो हातात नाचवतच अंगणात शिरली.

"काका, पेढे द्या! सेंद्रिय कर्ब बघा केवढा! नत्र भरपूर, पालाश भरपूर. तालुक्यात असा एक नमुना नाही आला. तुमच्या जमिनीला यंदा वरून खत लागणारच नाही."

बुधाजीनं कागद दोन्ही हातांत धरला, उलटासुलटा पाहिला. "सहा वरसं राबतोय मी," तो हळूच म्हणाला. त्याचे डोळे भरले होते.

पारूबाई दारातून बघत होती. ती माती तिच्या शेणाची, तिच्या केरकचऱ्याची, तिच्या तीस वर्षांच्या उकिरड्याची. आणि कौतुक कुणाचं? आठवड्याभरात बांधावर हिरवी पाटी लागली: 'माती परीक्षणानुसार खत नियोजन. प्रात्यक्षिक प्लॉट. शेतकरी : श्री. बुधाजी रोकडे. मार्गदर्शन : कु. दीक्षा'. पारूबाईनं एकेक अक्षर लावून ती वाचली. तिचं नाव पाटीच्या मागच्या बाजूलाही नव्हतं. खरं सांगून टाकावं असं त्या क्षणी तिला वाटलं, आणि त्याच क्षणी वाटलं, का सांगू? बघू दे की, खत न घालता काय पिकतंय ते.

जुलैच्या पहिल्या आठवड्यात लावणी झाली. पारूबाई नेहमीसारखी ओळीत वाकली, रोपं तिनंच लावली. बुधाजीनं कागदाप्रमाणं खताचा कणही घातला नाही. आधीच सहा वर्षं राबात शेण जळालेलं, खत ओढ्याला गेलेलं. खड्डा यंदाचा, अजून कच्चा. पंधरा दिवस भात बरं दिसलं. महिना संपायला आला तशी खालची पानं टोकाकडून पिवळी पडायला लागली. फुटवा धरेना. चार दिवसांत तिन्ही खाचरं पिकल्या लिंबासारखी दिसायला लागली. फक्त खालच्या खाचराचा तो दोन गुंठ्यांचा कोपरा हिरवागार, जसं कुणी वेगळ्या रंगाचं ठिगळ लावावं.

पहिल्या दिवशी पारूबाईला बरं वाटलं, हे तिनं पुढं कधी नाकारलं नाही. सुंदरा म्हणाली, "पाटी लावली नि भात आजारी पडलं गं!" तेव्हा पारूबाईच्या पोटात गुदगुल्या झाल्या. पण संध्याकाळी ती बांधावरून चालत गेली नि रोपांच्या एका चुडाशी वाकली. हे रोप तिच्या बोटांनी चिखलात रोवलं होतं. खायला मागत होतं ते, आणि तिनंच त्याच्या तोंडचा घास काढला होता. बुधाजीचं रोप नव्हतं, दीक्षाचंही नव्हतं. पिवळ्या पानाला रुसवाफुगवा कुठं कळतो.

दोन दिवसांनी दीक्षा आली. चेहरा उतरलेला. कचेरीतले साहेब पाटीसमोर उभे राहून बरंच बोलून गेले होते. बुधाजी औषध आणायला कर्जतला गेला होता. त्याला वाटत होतं कीड आहे. दीक्षानं पानं उलटली, मुळं उपटून पाहिली, कीड नव्हती. मग चिखल तुडवत ती खालच्या कोपऱ्यात गेली. तिथं तिनं हात मनगटापर्यंत मातीत घातला. मूठभर चिखल वर काढला, दाबला, नाकाशी नेला. दोन गांडुळं तिच्या बोटांवरून सरकली.

"काकू," तिनं बांधावर उभ्या असलेल्या पारूबाईला हाक मारली, "ही माती कुणी केली?"

इतक्या वर्षांत पारूबाईला हे कुणी विचारलं नव्हतं. जमीन कुणाची, सातबारा कुणाच्या नावावर, पीक कुणी काढलं, हे सगळे विचारायचे. माती कुणी केली, हे नाही.

"मी केली," ती म्हणाली. "आनि पिसवीतली मातीबी मीच केली. तुमची फेकून दिली. उकिरड्याची भरली."

दीक्षाला आधी कळलंच नाही. कळलं तेव्हा ती ताठ उभी राहिली.

"का?"

"तुमचा राग येत व्हता."

"मी काय केलं तुमचं?"

"काय नाय केलं. मी सांगत व्हते तेच तुमी सांगितलंत. तुमचं ऐकलं."

दीक्षा बांधावर चढली. "काकू, माझी नोकरी नवी आहे. परवा सगळ्यांसमोर साहेबांनी मला विचारलं, डिग्री कुठून घेतलीस म्हणून. मी रात्रंदिवस विचार करतेय की माझं कुठं चुकलं. आणि तुम्ही..." हात न धुताच तिनं हेल्मेट घातलं. स्कूटी चिखलात एकदा घसरली, सावरली आणि गेली. पारूबाई चहाला थांब म्हणणार होती. कुठल्या तोंडानं म्हणणार?

तिसऱ्या दिवशी पोरगी परत आली. गाडीवर पायाशी एक पोतं होतं, खताच्या गोळ्यांचं.

"साहेबांना सांगितलंय, नमुना चुकला," ती म्हणाली. आवाज कोरडा होता. "कुणी चुकवला ते नाही सांगितलं. ते तुम्ही काकांना सांगायचं. आज. मी इथंच बसते."

बुधाजी गोठ्यात होता. पारूबाई आत गेली नि वासराच्या पाठीवर हात ठेवून, त्याच्याकडं न बघता सगळं सांगितलं. कागदाचं, पिशवीचं, पाटीचं. मग थांबवेना म्हणून ओढ्याकाठच्या गवताचं, सोडलेल्या राबाचं आणि "तुला काय ठावं" म्हटलेल्या त्या दिवसाचंही.

बुधाजी गव्हाणीच्या काठावर बसला. ओरडेल असं तिला वाटलं होतं.

"मला वाटलं, तुला सुट्टी देतोय," तो शेवटी म्हणाला.

"कसली सुट्टी?"

"एकतीस वरसं तू एकली चिखलात. मी कंपनीत पंख्याखाली. म्हनलं, आता ही दमली आसंल. आता मी उतरतो."

हे पारूबाईच्या ध्यानीमनी नव्हतं.

"मंग इचारायचं व्हतं," ती म्हणाली.

"तूबी सांगायचं व्हतं, तुझं शेत हाय म्हनून. माती कशाला फेकायची?" तो उठला. "सगळ्या गावाला तो कागद दाखवला गं मी." एवढंच बोलून तो बाहेर गेला. त्या दिवशी तो जेवला, पण तिच्याशी बोलला नाही. आठवडाभर नीट बोलला नाही.

गोळ्या मात्र तिघांनी मिळून खोचल्या. चार चुडांच्या मधोमध एक गोळी, बोटभर खोल चिखलात दाबायची, म्हणजे पाण्याबरोबर वाहून जात नाही, मुळाशी हळूहळू विरते. तिन्ही खाचरांना तीन दिवस लागले. पहिल्या दिवशी दीक्षा नि पारूबाई दोन टोकांना होत्या. दुसऱ्या दिवशी दीक्षानं लांबूनच विचारलं, "त्या कोपऱ्यात नेमकं काय काय घालता?" पारूबाईनं लांबूनच सांगितलं: फुलोऱ्याआधीचा टाकळा, बांधावरच्या गिरिपुष्पाचा पाला, गोठ्याची झाडलोट, भातामागं वाल, आणि वालाची झाडं उपटायची नाहीत, कापायची. तिसऱ्या दिवशी त्या शेजारी शेजारी वाकल्या होत्या. पारूबाईनं पाहिलं, पोरीला गोळी खोचायचा सराव होता, बोटं झरझर चालत होती. "आई दुसऱ्यांच्या लावणीला जायची," दीक्षा म्हणाली, "सुट्टीत मी पण." आपण हिच्या हातांकडं कधी पाहिलंच नव्हतं, हे पारूबाईला टोचलं.

भात सावरलं, पूर्ण नाही. उशीर झाला होता. कापणीला ओंब्या आखूड निघाल्या आणि कणगी गळ्यापर्यंत भरली नाही. पाटी दीक्षानं दिवाळीआधीच स्वतः काढून नेली. त्या वर्षी बुधाजीनं बुडखे उंच ठेवले आणि तिन्ही खाचरांत वाल टाकायच्या आधी पारूबाईला विचारलं, "कसं टाकू?" तोंड वाकडं करूनच, पण विचारलं.

माघात दीक्षानं समाजमंदिरात बायकांची बैठक बोलावली आणि पारूबाईला पुढं बसवलं. पारूबाई बोलली, आधी अडखळत, मग धबधब्यासारखी. ओढ्याकाठच्या गवताचं सांगताना सगळ्या पुढं सरकल्या. शेवटी सुंदरानं विचारलं, "खड्ड्याला पानी किती मारायचं?" पारूबाईनं सांगितलं. सुंदरानं मान हलवली आणि मग वळून दीक्षाकडं पाहिलं, "बराबर हाय ना वो मॅडम?"

पारूबाईच्या छातीत ती ओळखीची कळ आली. दीक्षानं ती पाहिली असावी. ती खाली बघून हसू दाबत म्हणाली, "मला काय विचारता? मी त्यांच्याकडूनच शिकले."

एवढ्यानं मत्सर जातो असं कुणी समजू नये. पुढच्या पावसाळ्यात सुंदराचा खड्डा असा काही तापला की सकाळी त्यातून वाफ निघायची. लोक आता तो बघायला जायला लागले. दीक्षानंही त्याचा फोटो काढला. पारूबाई दोन दिवस सुंदराशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी, सुंदरा दळणाला गेलेली पाहून, ती कुंपण ओलांडून गेली आणि त्या खड्ड्यात कोपरापर्यंत हात घातला. आत चटका बसला. माल चांगलाच होता, तिच्यापेक्षा चांगला. सुंदरानं टाकळा कोवळा असतानाच कापला होता, आणि भरपूर.

ती तशीच काळ्या हातानं घरी आली. बुधाजी ओटीवर पेपर वाचत होता.

"उठा," ती म्हणाली, "कोयता घ्या. रस्त्याकडंचा टाकळा ती बया सगळा कापून नेईल, नि आपन बसू बघत."

"अगं, पाऊस हाय."

"इरलं घ्या मंग."

बुधाजीनं पेपर घडी करून ठेवला आणि कुरकुरत का होईना, तिच्या मागून निघाला.